कोरं अंग

१

धाकटीनं उजव्या हाताचा अंगठा मुठीत घेतला, आणि ते पानावर नव्हतं.

पानावर होतं ते एवढंच: हात खाली, बोटं सैल, मान सरळ, मग डावं पाऊल मागे. दचकीनंच लिहिलेलं, आणि आत्ता मोठ्यानं वाचून दाखवलेलंही तिनंच. धाकटीनं हात खाली सोडले, पाऊल मागे नेलं, आणि मध्येच, कुणी बघत नसताना करावं तसा, चार बोटांच्या आत अंगठा लपवला. क्षणभरच. मग सोडून दिला.

दचकीच्या छातीत धस्स झालं.

तसं तिच्या छातीत धस्स व्हायला फार काही लागत नसे. कपाटाचं दार वाजलं, टेबलावर फोन थरथरला, मागून कुणी नुसतं 'अगं' म्हणालं, तरी ही जागच्या जागी उडायची. म्हणून तर नाचाच्या वर्गातल्या मुलींनी तिचं नाव दचकी पाडलं होतं, आणि ते इतकं चिकटलं की बाईसुद्धा तेच म्हणायच्या. पण हा अंगठा तिचा होता. नाचत होती तितकी वर्षं, रंगमंचावर पाऊल टाकायच्या आधी पडद्याआड उभी राहून ती अंगठा असाच मुठीत धरायची. बाईंना ते कधीच खपलं नाही. "अंगठा बाहेर!" त्या ओरडायच्या. "भ्यालेला हात शेवटच्या रांगेतूनही दिसतो."

आणि आता त्याच बाई खुर्चीत पुढे सरकून बसल्या होत्या.

"पुन्हा कर गं," त्या धाकटीला म्हणाल्या.

धाकटीनं केलं. अंगठा आत, अंगठा बाहेर.

"वा," बाई म्हणाल्या. त्यांचे डोळे भरून आले होते. "दचके, हे पानात घाल."

२

बाईंचं पुस्तक हालचालींचं होतं. त्यात चित्र नव्हतं, फोटो नव्हता, बाण नव्हते. आतल्या खोलीत भिंतभर कपाटं होती आणि त्यांत नाचावरची जाडजूड पुस्तकं, गुळगुळीत कागदाची, दोन्ही हातांनी उचलावी लागणारी. त्यातल्या प्रत्येकावर बाईंचा राग होता. एखादं उघडून त्या पावलांच्या आकृत्या दाखवायच्या. "नुसते ठसे काढलेत. ठसे म्हणजे नाच असेल, तर चिखलातून गेलेली म्हैसही नर्तकीच की!" हालचाल शब्दांत अशी उतरली पाहिजे, त्या म्हणायच्या, की जिनं ती कधी पाहिली नाही तिच्या अंगात ती नुसत्या ऐकण्यानं उभी राहावी.

त्यासाठी कामाची एक पद्धत ठरली होती. आतल्या खोलीत दार लावून बाई एक हालचाल सांगायच्या. त्यांचे सांधे आता ऐकत नसत, म्हणून दचकीनं ती स्वतःच्या अंगावर करून बघायची, हळूहळू, गुडघ्याला सांभाळून. मग तिथंच बसून लिहायची. आणि मग बाहेरच्या मोठ्या दालनात, आरशांवर पडदे ओढून, ते पान नाच न शिकलेल्या कुणालातरी वाचून दाखवायचं. बाई त्या माणसाला म्हणायच्या 'कोरं अंग'. कोऱ्या अंगाला जमलं तर पान पास.

प्रत्येक पानाचा शेवटचा शब्द एकच असे: सोड. तो ऐकला की कोऱ्या अंगानं ढिलं व्हायचं, खांदे पाडायचे, हवं तर नाक खाजवायचं. सुरुवातीला दचकी तिथं 'थांब' लिहायची. बाईंनी खोडलं. "थांबलेलं अंग अजून नाचातच असतं. सोड म्हटलं की ते ज्याचं त्याला परत मिळतं. हा शब्द विसरायचा नाही, काय?"

पहिलं कोरं अंग म्हणजे शेजारच्या बँकेतला एक कारकून होता. तो पाठ धरून पळाला. तेव्हा धाकटीचं नाव दचकीनंच सुचवलं होतं, हे तिला आता आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावंसं वाटे. धाकटी बहीण सकाळी चपलांच्या दुकानात असायची, दुपारी मोकळी.

"तुला नाचातलं काहीच येत नाही, म्हणून तूच हवीस," दचकी तिला म्हणाली होती.

"अरे वा!" धाकटी हसली होती. "माझं शिक्षण कुणाला तरी पुरलं एकदाचं."

गुडघा गेला त्या वर्षी दचकी घरात नुसती भिंतीकडे तोंड करून पडून असायची. बाई स्वतः जिना चढून आल्या होत्या. "पुस्तक कर माझ्याबरोबर," त्या म्हणाल्या होत्या. "मुखपृष्ठावर माझ्या खाली तुझं नाव. आणि माझ्यानंतर ते दालन तुझं." तेवढ्या एका वाक्यावर दचकी उठून बसली होती. अजूनही रोज सकाळी ती त्याच वाक्यावर उठत होती.

३

अंगठ्याचं काय, तिनं स्वतःला समजावलं, सख्ख्या बहिणी आपण. एका पांघरुणात वाढलो. बघितला असेल कधीतरी, बसला असेल डोक्यात.

"माझी नक्कल करतेस का गं?" संध्याकाळी कपड्यांच्या घड्या घालताना तिनं सहज विचारल्यासारखं विचारलं.

"कसली नक्कल?"

"अंगठा."

"कुठला अंगठा? ताई, तू वाचतेस तेवढंच मी करते. माझं डोकं तर तिथं नसतंच. दुकानात कसं, गिऱ्हाइकाचे पाय दिसतात, गिऱ्हाईक दिसत नाही, तसं." धाकटीनं चादरीचं एक टोक तिच्या हातात दिलं. "धर. आणि अशी बघू नकोस, भीती वाटते."

"तुला? भीती?"

"नाही गं, म्हणायचं म्हणून." धाकटी कशालाच घाबरत नसे. लहानपणी घरात साप निघाला होता तेव्हा तिनं त्याला 'शूक' केलं होतं.

दुसऱ्या दिवशी रस्त्यात एका गाडीनं अगदी कानाजवळ भोंगा वाजवला. दचकी नेहमीप्रमाणे उडाली, मूठ आवळली गेली, आणि अंगठा बाहेरच राहिला. ती भर रस्त्यात उभी राहून हाताकडे बघत बसली. डाव्या हातानं तिनं तो आत सारला. तो तिथं राहिला, पण ओळखीच्या जागी गेल्यासारखा नाही. दुसऱ्याच्या घरात चपला काढून अवघडून बसावं तसा. थोड्या वेळानं आपोआप बाहेर आला.

असेल, ती म्हणाली. कितीतरी सवयी सुटतात.

मग जमिनीवरून उठण्याचं पान झालं. हात न टेकता, पाठीचा कणा एकेक मणका उचलत, बी फुटून कोंब यावा तसं उठायचं. वर्गात हे दचकीसारखं कुणालाच जमलं नव्हतं. धाकटीला पहिल्या वाचनात जमलं. बाईंनी टाळ्या वाजवल्या. दचकीनं त्या टाळ्या कधी ऐकल्या होत्या ते तिला आठवेना. धाकटी उठत होती तेव्हा तिच्या पाठीकडे बघताना दचकीला जिभेवर काहीतरी खारट लागलं. गाल आतून चावला गेला होता.

त्याच संध्याकाळी स्वयंपाकघरात चमचा ओट्याखाली गेला. दचकी खाली बसली, चमचा काढला, आणि उठायला गेली तर उठता येईना.

"काय गं," आई म्हणाली, "माझ्याआधी म्हातारी झालीस की काय?"

"गुडघा, आई."

पण गुडघा दुखत नव्हता. कुठंच काही दुखत नव्हतं, आणि तीच तर गोष्ट होती. पायांना फक्त कळत नव्हतं की सुरुवात कुठून करायची. तिनं ओट्याची कड धरली आणि दोन्ही हातांवर पोत्यासारखं स्वतःला ओढून घेतलं. दारात धाकटी उभी होती. ती आत आली, वाटी घ्यायला खाली बसली, आणि कोंब यावा तशी उठली. तिला स्वतःला त्याचा पत्ताही नव्हता.

४

छपाईवाला मुखपृष्ठाचे नमुने घेऊन आला तो दारातूनच बोलत. "बाई, हे पुस्तक आहे की बाळंतपण? आमचं मशीन वाट बघून गंजलं."

"तुमचं मशीन आधीच गंजलेलं आहे," बाई म्हणाल्या. "दाखवा."

त्यांनी चष्मा लावला, नमुना लांब धरला, जवळ धरला. दचकी चहाचे कप घेऊन मागे उभी होती. मुखपृष्ठावर बाईंचं नाव होतं, आणि त्याच्या खाली रिकामी जागा.

"इथं दुसरं नाव येईल," बाई छपाईवाल्याला म्हणाल्या, आणि त्यांनी धाकटीचं नाव सांगितलं.

कप बशीवर वाजला. छपाईवाल्यानं एकदा हिच्याकडे पाहिलं, एकदा बाईंकडे, आणि त्याला एकदम कुठंतरी जायचं असल्याचं आठवलं.

तो गेल्यावर दचकी म्हणाली, "बाई, लिहिलं मी."

"लिहिलंस की. कोण नाही म्हणतंय?"

"तुम्ही म्हणाला होतात..."

"म्हणाले होते." बाईंचा आवाज चढला नाही. चढला असता तर बरं झालं असतं. "पण दिसतं ते तिच्यात, दचके. तुझ्या अंगात होतं तेव्हा मला ते कधी दिसलंच नाही. प्रकाशनाला सगळी पानं तीच करून दाखवेल. तू वाच. तुझा आवाज चांगला आहे."

मग जे कुणालाच सांगायचं नाही असं ठरवलं होतं तेच दचकीच्या तोंडातून निघालं. "बाई, मला ते जमिनीवरून उठणं आता येत नाही. अंगठाही जात नाही आत. जे पान पास होतं ते..."

"मग?" बाई म्हणाल्या. चष्म्यावरून त्या तिच्याकडे खरोखरच न कळल्यासारख्या बघत होत्या. "पानात आलं ना? आता तुला कशाला हवं ते?"

घरी जाताना धाकटी तिच्या मागेमागे होती. "ताई, मी बाईंना सांगते. माझं नाव नको. मला काय करायचंय नावाशी? दुकानात काय चपलांवर छापणार आहे?"

"नको सांगूस."

"अगं, पण मला नकोच आहे ते."

"तुला नकोय, म्हणून मला देणार?" दचकी थांबली. "तुला नकोय! मला जे आयुष्यभर हवं होतं ते तुला नकोय, आणि तुझ्या अंगात ते घर करून बसलंय! नको बोलूस माझ्याशी."

धाकटीनं दचकीच्या हातातली जड पिशवी काढून घेतली. दचकीनं ती परत ओढून घेतली.

५

शेवटचं पान साधं होतं: चालता चालता थांबायचं, आणि मागे वळून बघायचं. आधी डोळे, मग हनुवटी, मग मान, मग खांदा; पाय मात्र पुढेच. आदल्या दिवशी आतल्या खोलीत दचकीनं ते करून बघितलं होतं आणि लिहून काढलं होतं. बाई आज छापखान्यात गेल्या होत्या. "तुम्ही दोघी उरकून टाका," त्या म्हणाल्या होत्या. "मी येऊन बघेन."

दुपार होती. पडदे ओढलेले, खिडक्या उघड्या, रस्त्यावरून कुणीतरी लोखंडी जाळी ओढत नेत असल्याचा आवाज. दचकी आतल्या खोलीच्या उंबऱ्यावर पान घेऊन उभी राहिली. धाकटी तिच्याकडे पाठ करून दालनाच्या मध्याकडे चालत जाणार होती.

पानाच्या शेवटी सोड नव्हतं.

ते तिनं सकाळीच खोडलं होतं. दात घासताना ठरलं होतं. कोरं अंग बिचारं, सोड ऐकल्याशिवाय सोडत नाही. उभी राहील वेड्यासारखी मान वाकडी करून, बाई येतील, बघतील आपलं रत्न, आणि एकदा तरी, एकदाच, त्यांच्या तोंडून निघेल की कोरं ते कोरंच. याहून जास्त तिला काही नको होतं. मान अवघडेल थोडी. अवघडू दे.

"तयार?" तिनं विचारलं.

"तयार. ताई, हे झालं की समोरासमोर बसून बोलू आपण, हं? तू काल जेवलीही नाहीस."

दचकी वाचू लागली. धाकटी चालली. चालणं थांबलं. डोळे आधी वळले असावेत, पाठमोरीचे ते दिसत नव्हते, पण वळले हे कळलं. मग गालाची कड दिसली, मग हनुवटी आली, मग मान, आणि सगळ्यात शेवटी खांदा, दार उघडताना आतला उजेड येतो तसा. इतकं सुंदर होतं ते की तिला बहिणीला हलवून विचारावंसं वाटलं, कुठून आणलंस. आणि कुठून आणलं ते तिला माहीत होतं.

तिनं शेवटचं वाक्य वाचलं. पान फायलीत ठेवलं. आणि काही न बोलता आतल्या खोलीत जाऊन कोपऱ्यातल्या शेगडीवर चहाचं पाणी ठेवलं.

कपाटाला टेकून ती कान देऊन राहिली. आता म्हणेल, ताई, झालं का. आता म्हणेल, ए बाई, मान मोडली माझी. बाहेरची जमीन लाकडी फळ्यांची होती, जुनी. नुसतं वजन या पायावरून त्या पायावर घेतलं तरी करकरायची. पाणी उकळलं, आटायला लागलं. दचकीनं शेगडी बंद केली, की नीट ऐकू यावं.

जमीन करकरली नाही.

६

धाकटी तशीच होती.

"बस कर," दचकी दारातून म्हणाली. "झालं. गंमत केली."

काही नाही. खिडकीतून वारा आला, धाकटीची ओढणी हलली आणि पुन्हा बसली. चिडली असेल, दचकीनं मनाशी म्हटलं. कळलं असेल तिला, आणि आता सूड म्हणून हलत नसेल. धाकटीच ती.

"सोड," ती म्हणाली.

मग वाचताना लावायची त्या आवाजात म्हणाली. मग फाईल उघडून, पानाखाली तो शब्द पुन्हा लिहिला, आणि पहिल्या ओळीपासून अख्खं पान पुन्हा वाचलं. शेवटचा शब्द दालनात पडला आणि तिथंच राहिला. झालेलं पान झालं होतं.

तिनं बाईंना फोन लावला. घंटी वाजत राहिली, वाजत राहिली, बंद झाली. पुन्हा लावला. पुन्हा तेच.

दचकी सरळ चालत धाकटीपाशी गेली. सरळ चालता येत होतं. खांद्याला हात लावला तर तो ऊबदार होता, पण माणसाचा असतो तसा नाही. कुणीतरी आत्ताच अंगातून काढून ठेवलेल्या स्वेटरसारखा. बोटांखाली कुणी नव्हतं असं नाही. पण कुणी तिला ओळखलं नाही.

मग तिनं चेहऱ्याकडे बघितलं. एवढा वेळ ती तेच टाळत होती.

नाक धाकटीचं होतं, हनुवटीवरचा तीळ धाकटीचा होता. पण भुवया वर गेलेल्या, ओठ जरासे उघडे, डोळ्यांतली बुबुळं सगळीकडून पांढऱ्यानं वेढलेली. सापाला 'शूक' करणाऱ्या पोरीच्या तोंडावर असा चेहरा कधी आला नव्हता. तो दचकलेला चेहरा होता. दचकीनं तो आरशात इतक्यांदा पाहिला होता की तिचा हात आपसूक स्वतःच्या गालाकडे गेला. तिचा गाल शांत होता. छातीत धस्सही झालं नव्हतं. एवढं सगळं होऊनही झालं नव्हतं.

आणि ते डोळे तिच्याकडे बघत नव्हते. तिच्या खांद्यावरून, तिच्या मागे, आतल्या खोलीकडे बघत होते.

त्या खोलीत कुणी नव्हतं. ती आत्ताच तिथून आली होती. त्या खोलीला दुसरं दार नव्हतं.

बघू, दचकीनं ठरवलं. वळून बघू आणि संपवू. तिनं मनात डोळे वळवले, मग हनुवटी, मग मान. मनात सगळं अगदी नीट झालं, शब्दाला शब्द. पण ती अजून समोरच बघत होती. पाऊल मागे घेऊन पाहावं म्हटलं, तर पायाला पत्ता नव्हता. मान होती, पाऊल होतं, पण मागे वळायला लागतं ते सगळं पास झालेल्या पानांत होतं, आणि ती पानं समोर उभी होती, तिच्या बहिणीच्या अंगावर, श्वास न घेता.

रस्त्यावरची जाळी दूर गेली. मागे, आतल्या खोलीत, कप सरकल्यासारखं काहीतरी वाजलं.

नाव नको, दचकीच्या मनात आलं. दालन नको, पुस्तक नको, जाळा ते. फक्त ती हवी.

"धाकटे," तिनं समोरच्या चेहऱ्याला हाक मारली. ओठ हलले नाहीत. "धाकटे, बोल ना. मी मुद्दाम केलं गं. मला तुझा हेवा वाटला. ए, धाकटे!" तिचा आवाज चिरकला. मग, कितीतरी वर्षांत मारली नव्हती तशी, रात्री अंथरुणात अंधार झाला की लहानपणी मारायची तशी, तिनं हाक मारली: "आहेस का गं?"

"ओ, ताई," धाकटीचा आवाज आला. मागून, आतल्या खोलीतून, रडवेला. "केव्हाची ओरडतेय मी. तू माझ्याकडे पाठ करून का उभी आहेस?"